दोन मॉरिस: सही कुणाची, मसुदा कुणाचा

अमेरिकेच्या राज्यघटनेची प्रस्तावना 'गव्हर्नर मॉरिस' यांनी लिहिली, असं वाचलं की मी तिथेच थांबतो. ते गव्हर्नर कधीच नव्हते. गुव्हर्निअर हे त्यांच्या आईचं माहेरचं आडनाव, तेच मुलाचं नाव म्हणून ठेवलं. मराठीत ते 'गुव्हर्निअर' असंच लिहावं. 'गव्हर्नर' लिहिलं की न भूषवलेलं पद त्यांना कायमचं चिकटतं. आणि एकदा ते राज्यपाल झाले, की रॉबर्ट मॉरिस यांची कामंही त्यांच्याच नावावर जमा व्हायला वेळ लागत नाही.

रॉबर्ट बहुतेकांना ठाऊक असतात. लिव्हरपूलला जन्मलेले, फिलाडेल्फियाचे बडे व्यापारी, स्वातंत्र्ययुद्धासाठी पैसा उभा करणारे, आणि पुढे जमिनींच्या सट्ट्यात बुडून १७९८ ते १८०१ कर्जापायी तुरुंगात राहिलेले. वकिलीशी त्यांचा संबंध नाही. वकील होते ते गुव्हर्निअर. वयाने अठरा वर्षांनी लहान, न्यूयॉर्कजवळच्या मॉरिसेनियाच्या जमीनदार घराण्यातले, १७७१ मध्ये सनद मिळालेले. दोघांचं नातं काही नाही.

१७७६ च्या स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्यावर दोन मॉरिस आहेत, पण त्यांतले एक रॉबर्ट आणि दुसरे गुव्हर्निअर यांचे सावत्र भाऊ लुईस. १७८७ च्या घटनेवर मात्र रॉबर्ट आणि गुव्हर्निअर दोघांच्याही सह्या आहेत, त्याही पेनसिल्व्हेनियाच्या वतीने.

इथवरचं कुठल्याही कोशात बघून सुधारता येतं. जाणते अभ्यासकही चकतात ते १७८१ नंतरच्या वर्षांत. काँग्रेसने, म्हणजे तेव्हाच्या अमेरिकी राज्यांच्या प्रतिनिधींच्या मध्यवर्ती सभेने, रॉबर्ट यांना अर्थखात्याचं प्रमुख नेमलं आणि त्यांनी साहाय्यक म्हणून गुव्हर्निअर यांना घेतलं. न्यूयॉर्कने पुन्हा काँग्रेसवर न पाठवल्यामुळे ते फिलाडेल्फियात येऊन वकिली करत होते. १७८० मध्ये घोडागाडीच्या अपघातात डावा पाय गमावल्यामुळे लाकडी पायावर चालत होते. आता कचेरी एक, आडनाव एक, आणि बाहेर जाणाऱ्या कागदावर सही रॉबर्ट यांची.

जानेवारी १७८२ चा नाणेपद्धतीवरचा अहवाल घ्या. काँग्रेसकडे तो रॉबर्ट यांच्या सहीने गेला, पण त्यातली आखणी गुव्हर्निअर यांची. अडचण अशी होती की स्पॅनिश डॉलर सगळीकडे चालायचा, पण एका डॉलरचे स्थानिक पेन्स (पेनी हे लहान नाणं) राज्याराज्यात वेगळे: जॉर्जियात ६०, व्हर्जिनियात ७२, पेनसिल्व्हेनियात ९०, न्यूयॉर्कमध्ये ९६. या चौघांना पूर्ण भागणारी सर्वांत लहान संख्या १४४०. म्हणून त्यांनी डॉलरचा १४४० वा भाग हे एकक धरलं. मग जॉर्जियाचा पेनी २४ एककांचा, व्हर्जिनियाचा २०, पेनसिल्व्हेनियाचा १६, न्यूयॉर्कचा १५. कुठेही अपूर्णांक नाही. दक्षिण कॅरोलिनाचा हिशेब यात बसत नव्हता, तो त्यांनी सोडून दिला. वरची नाणी मात्र दहाच्या पटीत. ज्यांच्या घरात आणे-पैचा हिशेब नव्या पैशात बसवताना झालेली ओढाताण अजून सांगितली जाते, त्यांना या आकडेमोडीचं मोल वेगळं सांगायला नको. स्वातंत्र्याच्या जाहीरनाम्याचा मसुदा लिहिणारे थॉमस जेफरसन यांना हे एकक फारच बारीक वाटलं. त्यांनी डॉलरच एकक धरायचा आग्रह केला आणि तेच टिकलं. दशमान पद्धत मात्र दोन्हीकडे होती. एवढं काम 'रॉबर्ट मॉरिस यांची नाणेयोजना' म्हणून छापलं जातं, याचं मला वाईट वाटतं. सही कुणाची आणि मसुदा कुणाचा हे दोन प्रश्न वेगळे आहेत, आणि या दोघांच्या बाबतीत ते प्रत्येक कागदापाशी वेगळे विचारावे लागतात.

१७८७ मध्ये राज्यघटना तयार करायला भरलेल्या घटना परिषदेत रॉबर्ट जवळजवळ गप्प बसले. गुव्हर्निअर सर्वांत जास्त वेळा बोलले. गुलामगिरीवर तर इतकं कडक बोलले की ती भाषणं मला प्रस्तावनेहूनही मोठी वाटतात. ८ सप्टेंबर १७८७ ला भाषेवर शेवटचा हात फिरवायला पाच जणांची समिती नेमली गेली, त्यात हॅमिल्टन आणि मॅडिसनही होते. पण लेखणी गुव्हर्निअर यांच्या हाती होती, हे मॅडिसन यांनी पुढे पत्रात स्वतः लिहून ठेवलं आहे.

ऑगस्टच्या मसुद्यात प्रस्तावनेची सुरुवात 'आम्ही लोक' अशीच होती, पण पुढे न्यू हॅम्पशायरपासून जॉर्जियापर्यंत तेरा राज्यांची नावं ओळीने होती. नऊ राज्यांनी मान्यता दिली की घटना लागू होणार होती, आणि ती नऊ कोणती हे कुणालाच माहीत नव्हतं. ऱ्होड आयलंडने तर प्रतिनिधीच पाठवले नव्हते. गुव्हर्निअर यांनी ती यादी काढून टाकली आणि तिथे 'संयुक्त संस्थानांचे' एवढंच ठेवलं. १२ सप्टेंबरला मसुदा परिषदेपुढे आला तेव्हा बोलणारे तेरा राज्यांचे लोक राहिले नव्हते, एका देशाचे लोक झाले होते.