अंतराळवीराला मोबाइल जड का वाटतो?

2025च्या गणेशोत्सवात गिरगावातल्या एका मंडळाने अंतराळ स्थानकाचा सुरेख देखावा केला होता. तरंगणाऱ्या अंतराळवीर शुभांशू शुक्लांशेजारी पाटी होती: 'येथे गुरुत्वाकर्षण शून्य'. हा गैरसमज जाता जात नाही. 400 किलोमीटर उंचीवर गुरुत्वाकर्षण जमिनीवरच्या सुमारे 90 टक्के असतं. स्थानक आणि आतली माणसं सतत एकत्र पडत असतात, पण ताशी 28,000 किलोमीटर वेगामुळे पृथ्वीला चुकवत राहतात. म्हणून ती तरंगतात.

याचा खरा परिणाम पाहायचा तर आतल्या कानात शिरायला हवं. तिथल्या दोन इवल्या पिशव्यांत केसाळ पेशी असतात, त्यांवर जेलीसारखा थर आणि त्यावर कॅल्शियम कार्बोनेटचे स्फटिक. मान झुकवली की स्फटिकांच्या वजनाने थर घसरतो, पेशींचे केस वाकतात आणि मेंदूला खबर जाते. दादर येताना लोकल ब्रेक मारते, तेव्हाही स्फटिक जडत्वाने पुढे सरकतात. डोळे मिटूनही ब्रेक कळतो तो त्यामुळे. म्हणजे मान झुकली, की गाडीचा वेग बदलला, यातलं काय घडलं हे एकट्या स्फटिकांवरून ठरत नाही. निवाडा मेंदू करतो, डोळे आणि स्नायूंची साक्ष काढून.

कक्षेत मान कशीही झुकवा, स्फटिक दाबच देत नाहीत. उरतात फक्त हालचालीचे संदेश. सुरुवातीला मळमळतं, मग मेंदू नवा नियम शिकतो: कानाकडून काहीही आलं तरी ती हालचालच. पृथ्वीवर परतल्यावर हाच नियम अंगाशी येतो. नुसतं खाली वाकलं तरी आपण फेकले जातोय असं वाटतं. यानातून उतरताना अंतराळवीरांना आधार देतात, त्याचं हे एक मोठं कारण. किती जोर लावायचा हा स्नायूंचा हिशेबही बदललेला असतो. परतल्यावर हातातला मोबाइल जड वाटला आणि तरंगेल म्हणून लॅपटॉप पलंगाच्या कडेला सोडून दिला, असं शुक्लांनीच सांगितलंय.

अशा माणसाच्या यशाचं श्रेय कुणी पत्रिकेतल्या योगाला देऊ लागलं की मला संताप येतो. त्यांनी वर्षानुवर्षं घेतलेलं प्रशिक्षण मग कुठे गेलं?

प्रसिद्धीही मोजकंच लक्षात ठेवते. राकेश शर्मांनी 1984मध्ये इंदिरा गांधींना दिलेलं उत्तर घराघरांत पाठ आहे. वजनरहित अवस्थेत शरीराला योगासनांचा उपयोग होतो का, हे त्यांनी त्याच मोहिमेत सॅल्यूट-7 या सोव्हिएत अंतराळ स्थानकावर स्वतः आसनं करून तपासलं होतं. देखाव्यात तेही दाखवायला हवं.