बक्षीस-घर आणि रोख पर्याय

अमेरिकेतील घरांच्या सोडतींत विजेत्याने घराचा ताबा न घेता आयोजकांनी देऊ केलेली रोख रक्कम स्वीकारण्याची प्रथा. ती विशेष चर्चेत आली एच.जी.टी.व्ही. या दूरचित्रवाहिनीच्या ‘ड्रीम होम’ सोडतीमुळे. वायोमिंगमधील जॅक्सन येथील घरापासून 1997 मध्ये ही सोडत सुरू झाली. तेव्हापासूनच्या विजेत्यांपैकी त्या घरात कायमचे राहायला गेलेले फार थोडे. रोख पर्यायाची रक्कम घराच्या जाहीर किमतीपेक्षा बरीच कमी असते.

प्रथेचे मूळ करकायद्यात आहे. बक्षीस हे उत्पन्न की देणगी, हा प्रश्न अमेरिकेत दीर्घकाळ अनिर्णित होता. रेडिओवरील एका कार्यक्रमात मिळालेले 900 डॉलर ही देणगी होय, असे तेथील कर न्यायालयाने 1945 मध्ये मानले. सर्वोच्च न्यायालयाने 1952 मध्ये संगीतरचनेच्या स्पर्धेतील पारितोषिक करपात्र ठरवले आणि 1954 च्या अंतर्गत महसूल संहितेच्या कलम 74 ने बक्षिसांचा समावेश सर्वसाधारणपणे उत्पन्नात केला. एकाच वर्षी आलेले मोठे उत्पन्न आधीच्या वर्षांशी सरासरी काढून दाखवण्याची सवलत 1986 च्या करसुधारणेने काढून घेतली. प्रथेच्या इतिहासात या बदलाला मिळायला हवे तेवढे महत्त्व दिले जात नाही.

कर आकारला जातो तो ‘रास्त बाजारमूल्या’वर, पण हे मूल्य ठरवायचे कसे? दक्षिण अमेरिकेच्या जलप्रवासाची तिकिटे जिंकलेल्या एका दांपत्याने त्यांचे मूल्य 520 डॉलर दाखवले, तर महसूल खात्याने 2,220 धरले. कर न्यायालयाने 1954 मध्ये 1,400 हा आकडा निश्चित केला, मात्र तो कसा काढला याचे सविस्तर स्पष्टीकरण दिले नाही. बक्षीस-घराच्या बाबतीत ही अडचण अधिक गंभीर होते. जाहीर किमतीत बहुधा सामानसुमान, सजावट, कधी मोटारगाडीही धरलेली असते. खुल्या बाजारात त्या सजावटीला तितका भाव येईलच असे नाही. विजेता कमी मूल्याचा दावा करू शकतो, पण ते सिद्ध करण्याची जबाबदारी त्याच्यावरच पडते.

20 लाख डॉलरच्या घरावर एकट्या विवरणपत्र भरणाऱ्या विजेत्याला केवळ संघीय कर 7 लाखांच्या आसपास येतो (सर्वोच्च दर 37 टक्के). बहुतेक राज्यांचा आयकर वेगळा. हा कर रोखीने भरायचा असतो, आणि हाती आलेली असते ती इमारत. घर तारण ठेवून कर्ज काढले, तर हप्ता, मालमत्ता कर, विमा आणि देखभाल एकदमच सुरू होतात. टेक्सासमधील टायलर येथील 2005 च्या घरात विजेत्याचे कुटुंब राहायला गेले, परंतु या खर्चामुळे काही वर्षांतच त्यांना ते सोडावे लागले. घर घेऊन लगेच विकणे हा मधला मार्ग. करात धरलेले मूल्य खरेदीकिंमत मानले जात असल्याने त्याच रकमेवर दुसऱ्यांदा कर लागत नाही. मात्र दलाली आणि विक्री होईपर्यंतचा खर्च सोसावा लागतो. रोख रकमेवरही कर आहेच, पण तो भरण्याचे साधन त्या रकमेतच असते. त्यामुळे रोख घेणाऱ्याला अदूरदर्शी म्हणणे अन्यायाचे ठरेल.

ब्रिटन, कॅनडा आणि ऑस्ट्रेलियात अशा बक्षिसांवर सामान्यतः आयकर नाही. तरीही ब्रिटनमधील ओमेझ या घरांच्या सोडती काढणाऱ्या कंपनीच्या सोडतीत मिळालेली घरे अनेकांनी विकली. त्यावरून कराइतकाच देखभालीचा खर्च आणि नोकरी-शाळेपासूनचे अंतर यांचाही प्रभाव असावा, असे दिसते. अमेरिकेत मात्र कर हे निर्णायक कारण मानणे अधिक सयुक्तिक आहे.

भारतात 1961 च्या आयकर कायद्याने सोडतीच्या बक्षिसावर 30 टक्के दर ठेवला. बक्षीस वस्तुरूप असल्यास, कर भरला गेल्याची खात्री करूनच ते देण्याचे बंधन आयोजकावर घातले. म्हाडाची सोडत या प्रकारात मोडत नाही. तीत ठरलेल्या किमतीला घर विकत घेण्याचा हक्क मिळतो.