मेकअप वॉटरप्रूफ आहे, पण घाम आतनं येतो

ती रील बघितली असेलच तुम्ही. मेकअप केलेल्या मुलीच्या तोंडावर बाटलीभर पाणी ओततात, टिश्यूनं टिपतात, टिश्यू पांढराशुभ्र, आणि खाली लिहिलेलं, वॉटरप्रूफ ब्रायडल पॅकेज. ते बघून नवरीच्या आईनं बुकिंग केलं, लग्न मे महिन्यातलं, कोल्हापुरात लॉनवर, मुहूर्त दुपारी १२ वाजून ३५ मिनिटांचा, आणि अंतरपाट बाजूला होईपर्यंत नाकाच्या शेंड्यावरचा बेस सुटायला लागलेला. मग सगळं वऱ्हाड पार्लरवाल्या ताईंच्या नावानं बोटं मोडतं. त्या बिचारीनं फसवलेलं नसतं हो, ती टेस्टच चुकीची असते, कारण पाणी वरनं ओतलेलं असतं आणि घाम येतो आतनं.

लाँगवेअर फाउंडेशनमध्ये साधारण काय असतं तर रंगाचे बारीक कण, त्यांना धरून ठेवणारं सिलिकॉनचं रेझिन, म्हणजे राळेसारखा चिकट पदार्थ, आणि पटकन उडून जाणारं पातळ द्रव. तोंडाला लावलं की द्रव उडून जातं आणि मागं कातडीवर एक पातळ फिल्म राहते, तिला पाण्याचं वावडं असतं म्हणून वरनं पडलेलं पाणी थेंब होऊन ओघळून जातं. पण घामाच्या ग्रंथी आहेत त्या फिल्मच्या खाली. माणसाच्या अंगावर अशा २० ते ४० लाख ग्रंथी असतात आणि कपाळावर त्या चांगल्याच दाट. फिल्म जाड असली की घामाला वर यायला वाट मिळत नाही, तो खालीच साठतो आणि वरच्या थराला उचलतो. पावसाळ्यात भिंतीला आतनं ओल आली की रंगाचे पापुद्रे सुटतात ना, अगदी तसंच. म्हणून उन्हाळ्यात "दोन कोट जास्त मारा, टिकला पाहिजे" हा आग्रह उलटा पडतो. थर पातळ हवा, आणि एक थर नीट वाळल्याशिवाय दुसरा नको.

दुसरा चोर म्हणजे तेल. वॉटरप्रूफ काजळ, मस्कारा हे मेणाचे, तेलकट घटकांचे असतात, पाण्याला ते दाद देत नाहीत पण कातडीतनं येणारं तेल त्यांच्याच जातीचं, त्यात ते विरघळतात आणि डोळ्याखाली पसरतात. नाकाच्या बाजूला आणि कपाळावर तेलाच्या ग्रंथी जास्त, म्हणून चमक आधी तिथंच येते. तिथं ब्लॉटिंग पेपर नुसता दाबायचा, घासायचा नाही, आणि तेल टिपल्यावरच पावडर. तेलावरच पावडर मारली की गोळे होतात, आणि मग कुणी मामी रुमालानं पुसायला पुढं येते, तिथंच संपतं सगळं.

आता घाम थांबवायचा कसा? नाही थांबवायचा. १ ग्रॅम घाम वाळताना अंगातली साधारण ५८० कॅलरी उष्णता घेऊन जातो (ही छोटी कॅलरी बरं का, डाएटवाली मोठी कॅलरी म्हणजे अशा १०००). अंगाला दुसरा एवढा चांगला कूलर नाही. फक्त अट एकच, घाम वाळला पाहिजे. पुसून टाकलेला किंवा टपकून गेलेला घाम काही गार करत नाही. मांडवाला चारी बाजूनं कनात लावली, आत पाचशे माणसं आणि होम पेटलेला, की वारा बंद आणि हवा दमट, घाम वाळायचा कसा? मग मेंदू अजून घाम सोडतो. घाम किती सोडायचा हे अंगाच्या आतल्या तापमानावर ठरतं, म्हणून तोंडावर टच-अप करत बसण्यापेक्षा अख्खी नवरी गार ठेवा. शालू, ब्लाउज, वर शेला, एवढ्या थरात बाई गुंडाळलेली असते. साधा पंखा तिच्या पाठीमागं बाजूनं लावा, पाणी पाजत राहा, विधी नसतील तेव्हा सावलीत बसवा. बर्फ चोळल्यानं रोमछिद्रं बंद होतात असं म्हणतात, त्यात तथ्य नाही, दाराची कडी लावल्यासारखी ती उघडझाप करत नाहीत. बर्फानं कातडीतल्या रक्तवाहिन्या आकसतात, त्यामुळं थोडा वेळ लाली उतरते, एवढाच उपयोग.

आणि एक गोष्ट फक्त आपल्या गावासाठी. प्री-वेडिंग शूटला पहाटे निघायचं आणि वाटेत थांबून कट मारून मिसळ खायची, हे बंद करा. मिरचीतलं कॅप्सायसिन ज्या रिसेप्टरला (मेंदूला निरोप धाडणाऱ्या नसेवरच्या प्रथिनाला) चिकटतं तोच रिसेप्टर साधारण ४३ डिग्रीच्या वरची उष्णताही ओळखतो, त्याचं नाव टीआरपीव्ही१. डेव्हिड ज्युलियस यांच्या टीमनं तो १९९७ मध्ये शोधला आणि त्या कामासाठी त्यांना २०२१ चं नोबेल मिळालं, आर्डेम पटापुटियान यांच्यासोबत. म्हणजे तिखट खाल्लं की तोंड खरंच भाजतंय असा निरोप मेंदूला जातो आणि मेंदू कपाळावर, नाकावर, ओठाच्या वर घाम सोडतो, नेमकं जिथं मेकअप आहे तिथं. मिसळ शूट संपल्यावर खावा, अजून भारी लागते.

केसांचं गणित बरोब्बर उलटं. तिथं पाणी येतं बाहेरनं, हवेतनं. केसातल्या केराटिन नावाच्या प्रथिनाच्या साखळ्या एकमेकींना हायड्रोजन बंध नावाच्या कच्च्या जोडांनी धरून असतात, कर्लिंग मशीनच्या उष्णतेनं हे बंध सुटतात आणि केस गार होताना नव्या आकारात परत जुळतात. म्हणून कर्ल गरम असतानाच सोडून विंचरला तर अर्धा तिथंच गेला, तो गुंडाळून पिन मारून गार होऊ द्यायचा. पण पाणी मिळालं की तेच बंध पुन्हा सुटतात. कोरड्या हवेतनं पूर्ण दमट हवेत गेल्यावर केस लांबीला दोन-अडीच टक्के वाढतो, आणि याच गुणावर जिनिव्हाच्या सोस्यूर नावाच्या शास्त्रज्ञानं १७८३ मध्ये माणसाचा केस वापरून आर्द्रता मोजायचं यंत्र बसवलं होतं. तेव्हा संध्याकाळी वळीव पडून गेला आणि नवरीचे केस फुलले तर हेअरस्टायलिस्टवर चिडू नका.

हेअरस्प्रे म्हणजे अल्कोहोलमध्ये विरघळवलेला पॉलिमर, प्लास्टिकसारखा चिकट पदार्थ, अल्कोहोल उडतं आणि केस जिथं एकमेकांना टेकतात तिथं बारीक बारीक डाग देऊन तो चिकटवतो, वेल्डिंगवाला टाके मारतो तसे. ओल्या केसावर मारला तर हे टाके धड बसत नाहीत. आणि लॉनवर हल्ली ते पाण्याचे फवारे मारणारे मोठे पंखे असतात, पाहुण्यांना लई बरं वाटतं, नवरीला त्याच्यासमोर अजिबात उभं करू नका. गजऱ्याचंही तेच. फुलवाली सकाळपासनं त्यावर पाणी शिंपडत असते, तो पिशवीतनं काढला की तसाच ओला अंबाड्यावर बसवतात आणि अर्ध्या तासात त्याच्या भोवतीचे केस उठतात, मानेवरनं एक ओघळ ब्लाउजमध्ये. गजरा आधी झटकायचा, टॉवेलमध्ये हलकाच दाबायचा, मग माळायचा.

राहिला उजेड, आणि माझ्या मते निम्मे फोटो मेकअपनं नाही तर वेळेनं बिघडतात. कोल्हापूर साधारण १६.७ अंश उत्तर अक्षांशावर, त्यामुळं मे च्या पहिल्या आठवड्यात, ६-७ तारखेच्या आसपास, भर दुपारी सूर्य बरोबर डोक्यावर येतो आणि उभ्या खांबाची सावली पायात जाते. ऐन लग्नसराईत! अशा उजेडात भुवयांची सावली डोळ्यात, नाकाची सावली ओठावर, नथीची सावली गालावर, आणि कपाळ तेवढं चकाकतं. त्याला कुठलंच फाउंडेशन पुरं पडत नाही. मुहूर्त बदलता येत नसेल तर कपल फोटो तेव्हा घेऊ नका, पांढऱ्या कापडाच्या मांडवात घ्या, ते कापड ऊन पसरवून देतं. लाल-केशरी कापडाखाली सगळ्यांची तोंडं केशरी येतात आणि मग मेकअप पिवळा झाला म्हणून ओरड. गोरज मुहूर्त असेल तर नशीबवान, ऊन तिरकं, मऊ, आणि हवाही उतरलेली. रंकाळ्यावर किंवा पन्हाळ्यावर शूट असेल तर पहाट नाहीतर संध्याकाळच. पन्हाळा शहरापेक्षा चारशे मीटरभर उंच, म्हणजे दोन-अडीच डिग्री गार, आणि तिथल्या वाऱ्यानं घाम चटकन वाळतो, फक्त केस मोकळे सोडायचा हट्ट तिथं नको.

रात्री रिसेप्शनला मात्र फ्लॅश आला, आणि सनस्क्रीनमधलं टायटॅनियम डायऑक्साइड किंवा पावडरमधली सिलिका फ्लॅशचा प्रकाश सरळ कॅमेऱ्याकडं परतवतात, आरशात छान दिसणारी नवरी फोटोत पिठात तोंड घातल्यासारखी. हे ट्रायलच्या दिवशीच तपासून घ्या, खोलीतली लाईट घालवून मोबाईलचा फ्लॅश मारून एक फोटो काढा, डोळ्याखाली पांढरं दिसलं तर ताईंना दुसरी पावडर काढायला सांगा.