सैनिक शिकायला जातो, तेव्हा घरभाडं कोण भरतं?

अमेरिकेत लष्करातून बाहेर पडून कॉलेजात दाखल झालेल्या विद्यार्थ्याचं वर्षातलं सगळ्यात अवघड गणित कुठल्याच पेपरात येत नाही. ते येतं जानेवारीच्या एक तारखेला. समजा, सेमेस्टर १४ डिसेंबरला संपलं आणि पुढचं २० जानेवारीला सुरू होणार आहे. सरकारकडून घरासाठी महिना १,८०० डॉलर मिळतात असं धरू, म्हणजे तीस दिवसांच्या हिशेबानं दिवसाला ६०. डिसेंबरचे १४ दिवस भरले, म्हणून ८४०. जानेवारीचे ११ भरणार, म्हणून ६६०, आणि तेही हातात पडणार फेब्रुवारीत, कारण हा पैसा महिना सरल्यावर येतो. घरमालक मात्र दोन्ही महिन्यांचं भाडं पुरतं मागतो आणि महिन्याच्या सुरुवातीलाच मागतो. सेमेस्टर संपलं म्हणून खोली कुठे जात नाही.

हा भत्ता २००८ च्या जीआय बिलातला, म्हणजे माजी सैनिकांच्या शिक्षणाचा खर्च उचलणाऱ्या कायद्यातला आहे. आपल्याकडे घरभाडे भत्ता म्हटलं की मूळ पगाराची टक्केवारी आणि शहराचा वर्ग डोळ्यांपुढे येतो: मुंबई-पुणे ‘एक्स’मध्ये, नागपूर ‘वाय’मध्ये, बाकीचे ‘झेड’मध्ये. अमेरिकी लष्कर तीन गोष्टी बघतं: हुद्दा, पदरी कुटुंब आहे की नाही, आणि नेमणुकीच्या ठिकाणचा पिनकोड. लष्कर सोडून शिकायला गेलेल्यांना यातला एकच दर लागू होतो. तो म्हणजे ‘ई-५’ या पगारश्रेणीतल्या, कुटुंब असलेल्या माणसाचा, थोडक्यात सार्जंटचा. विद्यार्थी सडाफटिंग असो की कर्नल म्हणून निवृत्त झालेला, दर सार्जंटचाच, आणि पिनकोड कॉलेजचा. लष्कराच्या कोष्टकात या श्रेणीसाठी दोन बेडरूमचं टाउनहाउस धरलेलं असतं. म्हणजे आकडा तसा चांगला आहे. कुरबूर असते ती दिवसांवरून आणि जागेवरून, आणि त्या दोन्हींना ऐंशी वर्षांचा इतिहास आहे.

सुरुवात झाली ती झोपड्यांपासून. पहिल्या महायुद्धात लढलेल्यांना अमेरिकी संसदेनं १९२४ मध्ये बोनस मंजूर केला खरा, पण तो मिळणार होता १९४५ मध्ये. मंदी आली, माणसं बेकार झाली, आणि १९३२ च्या उन्हाळ्यात हजारो माजी सैनिक बोनस आत्ताच द्या म्हणत वॉशिंग्टनला येऊन धडकले. अ‍ॅनाकोस्टिया नदीकाठी पत्रे, पुठ्ठे, लाकडाच्या फळ्या जोडून त्यांनी वस्ती उभी केली. २८ जुलैला जनरल मॅकआर्थरच्या फौजेनं ती उठवली आणि झोपड्या जळाल्या. आपल्याच माजी सैनिकांवर फौज घातल्याचं ते दृश्य पुढची दहा-बारा वर्षं राजकारण्यांच्या मानगुटीवर बसून होतं. दुसऱ्या महायुद्धातून दीड कोटीहून जास्त माणसं परतणार होती. त्यांचं करायचं काय, हा प्रश्न युद्ध संपण्याआधीच टेबलावर आला तो यामुळे.

उत्तराचा कच्चा मसुदा लिहिला हॅरी कोल्मेरी या कॅन्ससच्या वकिलानं. माजी सैनिकांच्या अमेरिकन लीजन या संघटनेचा हा जुना अध्यक्ष. वॉशिंग्टनच्या मेफ्लॉवर हॉटेलात उतरला असताना हॉटेलच्याच कागदांवर त्यानं तो खरडला. पुढे दोन्ही सभागृहांच्या संयुक्त समितीत मतं समसमान होऊन विधेयक अडकलं, तेव्हा जॉर्जियातून एका खासदाराला रातोरात शोधून वॉशिंग्टनला आणावं लागलं. २२ जून १९४४ ला राष्ट्राध्यक्ष रूझवेल्टची सही झाली. हेच पहिलं जीआय बिल. यातला शिक्षणाचा भाग साधा होता: फी आणि पुस्तकांसाठी वर्षाला ५०० डॉलरपर्यंत रक्कम थेट कॉलेजला, आणि राहण्या-जेवण्यासाठी विद्यार्थ्याच्या हातात महिन्याला ५० डॉलर, कुटुंब असेल तर ७५. हार्वर्डची वर्षाची फी तेव्हा ४०० डॉलरच्या आसपास होती, म्हणजे फीचा प्रश्न हार्वर्डमध्येसुद्धा मिटत होता. राहण्याचा मात्र मिटला नाही. दीड वर्षात ५० चे ६५ आणि ७५ चे ९० करावे लागले, १९४८ मध्ये पुन्हा वाढवावे लागले.

विद्यापीठांतले काही मोठे लोक या प्रकारावर नाराज होते. शिकागो विद्यापीठाचे प्रमुख रॉबर्ट हचिन्स यांनी तर लेख लिहून इशारा दिला की कॉलेजं म्हणजे बेकार भटक्यांचे अड्डे होतील. झालं उलटंच. १९४७ मध्ये अमेरिकी कॉलेजांत जवळजवळ निम्मे विद्यार्थी माजी सैनिक होते, आणि ते पुढच्या बाकांवर बसून नोट्स घेत होते. वसतिगृहं मात्र अठरा-वीस वर्षांच्या एकट्या पोरांसाठी बांधलेली. या नव्या विद्यार्थ्यांतल्या कितीतरी जणांच्या कडेवर मूल होतं.

म्हणून मग जिथे छप्पर मिळेल तिथे सोय झाली. नौदलाच्या अर्धगोल पत्र्याच्या क्वॉन्सेट झोपड्या, लष्कराच्या बराकी, गाडीला जोडायचे ट्रेलर, सगळं कॅम्पसवर ओढून आणलं गेलं. इलिनॉय विद्यापीठानं १९४६ मध्ये शिकागोच्या नेव्ही पिअरवर, म्हणजे चक्क सरोवरात घुसलेल्या धक्क्यावर, दोन वर्षांचं कॉलेज सुरू केलं. विस्कॉन्सिन विद्यापीठानं मॅडिसनपासून सुमारे ३५ मैलांवर दारूगोळ्याच्या कारखान्यातल्या कामगारांसाठी बांधलेली वसाहत ताब्यात घेतली आणि तिला बॅजर व्हिलेज म्हणू लागले. नवरा सकाळी बसनं वर्गाला, बायको-मुलं तिथेच, संध्याकाळी बसनं परत. आपल्याकडच्या विद्यार्थ्यांना रोजचं पुणे-लोणावळा लोकल प्रकरण आठवावं असंच हे होतं, फक्त लोकलऐवजी बस.

हे सगळं सर्वांच्या वाट्याला सारखं आलं नाही, हेही सांगायला हवं. कायद्यात वर्णाचा उल्लेख नव्हता, पण अंमलबजावणी स्थानिक हातांत होती. दक्षिणेत गोऱ्यांची कॉलेजं काळ्या सैनिकांना दारातच अडवत, आणि काळ्यांसाठीच्या कॉलेजांत जागा इतक्या कमी की हजारोंना परत पाठवलं गेलं. भत्त्याचा हक्क होता, पण ज्या वर्गात बसल्यावर तो मिळायचा, तो वर्गच नव्हता.

खोटे वर्ग मात्र भरपूर निघाले. सरकारचा पैसा थेट संस्थेला जातो म्हटल्यावर गल्लीबोळात ‘प्रशिक्षण केंद्रं’ उगवली आणि चांगल्या चांगल्या कॉलेजांनीही फीचे आकडे फुगवले. टेक्ससचे खासदार ओलिन टीग यांच्या समितीनं याची चौकशी केली. त्यातून १९५२ चा कोरिया युद्धातल्या सैनिकांसाठीचा कायदा निघाला तो नेमका उलट्या टोकाला: संस्थेला काही नाही, एकट्या माणसाच्या हातात महिना ११० डॉलर, त्यातच फी भागवा, त्यातच खोली बघा.

माझ्या मते या इतिहासातलं खरं वळण हेच, आणि त्याच्याबद्दल फारसं बोललं जात नाही. चोरी करत होत्या संस्था, पण फी आणि भाडं एकाच पाकिटात कोंबल्याची झळ बसली विद्यार्थ्याला. फी वाढली की पाकिटातलं भाडं आपोआप आटलं. व्हिएतनामच्या काळात, १९६६ च्या कायद्यानं एकट्या माणसाला दिले महिना १०० डॉलर, म्हणजे कोरियावाल्यांपेक्षाही कमी, आणि दरम्यान कॉलेजं कितीतरी महाग झालेली. बापानं ज्या खासगी विद्यापीठात फुकट शिकून घेतलं, तिथे मुलाला त्या पैशांत पाय ठेवता येईना. पुढे आकडे वाढले, पण पाकीट एकच राहिलं. १९७७ पासून भरती झालेल्यांना तर आधी स्वतःच्या पगारातून पैसे बाजूला टाकावे लागत, मग सरकार त्यात भर घालणार. १९८५ पासून लागू झालेल्या माँटगोमेरी योजनेत पहिलं वर्षभर महिना १०० डॉलर पगारातून कापून घेत आणि शिकताना सुरुवातीला महिना ३०० देत. मिसिसिपीचे खासदार सॉनी माँटगोमेरी यांनी शांततेच्या काळात ही योजना कायमची करून घेतली, ही कामगिरी मोठीच. पण महागड्या बॉस्टनमध्ये राहा नाहीतर स्वस्त बॉइसीमध्ये, रक्कम तीच.

इकडे लष्करात नोकरी करणाऱ्यांच्या घरभत्त्याचं तंत्र हळूहळू सुधारत होतं. पूर्वी एक सरसकट निवास भत्ता आणि त्यावर महागड्या भागांसाठी वेगळी भर असे दोन तुकडे होते. १ जानेवारी १९९८ पासून ते एक झाले आणि भत्ता सरळ त्या भागातल्या बाजारभावाच्या भाड्याला बांधला गेला. त्या वेळी सैनिकाला खिशातून साधारण पाचवा हिस्सा घालावा लागे. तो २००५ पर्यंत शून्यावर आणला.

हे तयार कोष्टक विद्यार्थ्यांच्या कामी आणलं जिम वेब यांनी. व्हिएतनाममध्ये मरीन म्हणून लढलेले, पुढे नौदलाचे मंत्री झालेले वेब जानेवारी २००७ मध्ये व्हर्जिनियातून सेनेटवर आले आणि पहिल्याच दिवशी त्यांनी विधेयक मांडलं. म्हणणं सरळ होतं: इराक-अफगाणिस्तानातून परतणाऱ्यांना १९४४ सारखंच मिळालं पाहिजे. संरक्षण खात्याला ते रुचलं नाही. सोयी इतक्या चांगल्या केल्या तर माणसं नोकरी सोडून कॉलेजातच जातील, ही धास्ती. सेनेटर जॉन मकेनही याच कारणानं विरोधात होते. तोडगा असा निघाला की जे नोकरीत टिकतील त्यांना हा हक्क बायको-मुलांच्या नावावर करता येईल. ३० जून २००८ ला बुश यांनी सही केली, १ ऑगस्ट २००९ पासून कायदा लागू झाला. छप्पन्न वर्षांनी पाकीट पुन्हा फुटलं: फी कॉलेजला, वर्षाला हजार डॉलर पुस्तकांसाठी, आणि भाडं वेगळं, कॉलेजच्या पिनकोडनुसार. हे सगळं ३६ महिने, म्हणजे नऊ महिन्यांची चार शैक्षणिक वर्षं.

नोकरीत असतानाच शिकणाऱ्याला यातलं भाडं मिळत नाही. लष्कर त्याला घरभत्ता देतच असतं. त्यानं हक्क बायकोच्या नावावर केला तर तिलाही मिळत नाही, पण मुलाच्या नावावर केला तर मुलाला मिळतं. मूल दुसऱ्या गावी खोली करून राहील, बायको मात्र नवऱ्यासोबतच राहील, हे कायदा करणाऱ्यांनी गृहीत धरलं असावं.

पहिल्याच सत्रात घोळ झाला. अर्जांचा ढीग माजी सैनिक खात्याच्या कर्मचाऱ्यांना हातानं उपसावा लागत होता, आणि सप्टेंबर संपला तरी हजारोंच्या खात्यात छदाम नव्हता. २ ऑक्टोबर २००९ पासून खात्यानं आपल्या प्रादेशिक कार्यालयांतून ३,००० डॉलरपर्यंतचे उचलीचे चेक वाटायला सुरुवात केली. ही उचल नंतर भत्त्यातून कापून घेतली.

मग दुरुस्त्यांचा काळ आला. मूळ कायद्यात फक्त ऑनलाइन शिकणाऱ्याला भाडं शून्य होतं; ऑक्टोबर २०११ पासून देशभरच्या सरासरी दराच्या निम्मं, तेव्हा ६७० डॉलरच्या आसपास, देऊ लागले. त्याच दुरुस्तीनं सत्रांमधल्या सुट्ट्यांचं भाडं ऑगस्ट २०११ पासून बंद केलं. आपला जानेवारीचा पेच इथला. पण बंद करण्यामागे नुसता कंजूषपणा नव्हता. सुट्टीत दिलेले दिवसही त्या ३६ महिन्यांतून कापले जात, त्यामुळे शेवटच्या सत्रात हक्क संपलेला आणि डिग्री अर्धवट अशी वेळ यायची. ते दिवस वाचले. भाडं ज्याचं त्यानं बघायचं.

पुढे लष्करानं २०१५ पासून नोकरीतल्यांचा भत्ता दरवर्षी थोडा कापत ५ टक्के स्वतःच्या खिशातून भरायला लावले, आणि १ जानेवारी २०१८ नंतर जीआय बिल वापरायला लागलेल्यांनाही ती कात्री लागली. २०१७ चा कायदा, ज्याला कोल्मेरींचंच नाव दिलं आहे, तो जागेच्या मुळाशी गेला. तोवर भाडं ठरायचं मुख्य कॅम्पसच्या पिनकोडवर. म्हणजे विद्यापीठाचं मुख्यालय मुंबईत आणि विद्यार्थी बसतो लातूरच्या शाखेत, तर दर मुंबईचा. आणि मुख्यालय लातूरला, वर्ग मुंबईत, तर बिचाऱ्याला लातूरचा. आता विद्यार्थी ज्या ठिकाणी जास्तीत जास्त तास प्रत्यक्ष बसतो, तिथला दर धरायचा असं ठरलं. कागदावर अगदी रास्त. पण त्यासाठी प्रत्येक कॉलेजनं प्रत्येक विद्यार्थ्याची बसायची जागा कळवायची, आणि खात्याच्या जुन्या संगणकप्रणालीनं ती पचवायची. ऑगस्ट २०१८ ची मुदत हुकली. शरद सत्रात पुन्हा पैसे रखडले, पुन्हा भाडी थकली, आणि नोव्हेंबरअखेर खात्यानं जाहीर करून टाकलं की हा बदल वर्षभर पुढे ढकलला. त्यानंतर संसदेनं नियम केला की सरकारचा पैसा उशिरा आला म्हणून कॉलेजनं विद्यार्थ्याला वर्गाबाहेर काढायचं नाही की दंड लावायचा नाही. घरमालकांना असा नियम कोण लावणार?

बसायची जागा नोंदवण्याचं तंत्र एकदाचं जमलं, तोच मार्च २०२० मध्ये जागाच नाहीशी झाली. सगळे वर्ग पडद्यावर गेले. नियमाप्रमाणे लाखो विद्यार्थ्यांचं भाडं एका रात्रीत ऑनलाइनच्या दरावर घसरलं असतं, तेही घर सोडायची सोय नसताना. २१ मार्चलाच कायद्यावर सही झाली आणि जुना दर चालू राहिला. ही सवलत वाढत वाढत १ जून २०२२ पर्यंत गेली.

त्यानंतर जुना नियम परत आला: अर्ध्याहून जास्त अभ्यासक्रमाचा भार हवा, आणि पूर्ण दर हवा असेल तर त्यातला किमान एक विषय प्रत्यक्ष वर्गात बसून घेतलेला हवा. सॅन फ्रान्सिस्कोसारख्या गावात हा फरक काही पटींचा पडतो. त्यामुळे दर सत्राला तीन-चार विषय घरच्या लॅपटॉपवर आणि एक कॅम्पसवर, अशी जुळणी करणारे पुष्कळ आहेत. वेळापत्रक हाती आलं की ते आधी बघतात विषय कुठला हे नव्हे, तर त्याच्यापुढे खोली क्रमांक छापला आहे का.