खोडा

कैद्याचे पाय, क्वचित हातही, अडकवून ठेवण्याचे लाकडी साधन. ओंडक्यापासून, म्हणजे खोडापासून करत म्हणून खोडा. पोर्तुगीज ‘त्रोंकु’ या शब्दाचा अर्थही मुळात झाडाचे खोड. पुढे खोडा आणि मग कैदखाना. त्यावरूनच मराठीत ‘तुरुंग’ आला. गोव्यात भेटलेल्या दोन भाषांनी कैदेसाठी झाडच निवडावे, हा योग मजेचा आहे.

ओंडका लांबीत चिरून दोन फळ्या करतात आणि समोरासमोरच्या कडांना अर्धगोल खाचा पाडतात. खालची फळी पक्की; वरची एका टोकाला बिजागरीवर उघडते, दुसऱ्या टोकाला कोयंडा व कुलूप. खाच घोट्याच्या वर बसते. ती मोठी झाली तर पाऊल निसटते, लहान झाली तर रक्त अडते. कड घासून गोल केली नाही तर कातडी सोलवटते. पाय लांब करून तासन्‌तास बसल्याने पावले सुजतात, त्यामुळे सकाळी सैल वाटलेली खाच संध्याकाळी रुतते. कैदी खोड्यातून सुटला तरी लगेच धड उभा राहू शकत नाही.

जुन्या गोव्यातील ‘हातकातरो खांब’ हा याच जातीचा. पोर्तुगीज ज्याला ‘पेलोरिन्यु’ म्हणत, तो गुन्हेगाराला बांधून फटके मारण्याचा खांब. पोर्तुगीज शहरांत तो न्यायदानाच्या अधिकाराची खूण मानत, म्हणून तुरुंगाच्या आवारात न ठेवता भर चौकात उभारत. हात तोडण्याची आठवण लोकांनी नावातच जपली आहे.

लोखंडी बेड्यांत दंडाबेडी जड: घोट्यांच्या दोन कड्यांपासून दोन दांडे वर येऊन कमरेशी एका कडीत मिळतात. आडव्या बेडीत घोट्यांमधल्या दांड्यामुळे पाय जुळतच नाहीत. आजच्या हातकडीत खाचांची दातेरी पट्टी एकाच दिशेने सरकते. किल्लीच्या टोकाने दुसरे कुलूप लावले नाही, तर धडपडीत ती आवळत जाते आणि मनगटाची नस दबून अंगठ्याची पाठ बधिर होते.

बंधनाला मायेचीही बाजू आहे. गोव्यात दामोदर म्हणजे जांबावलीचा शिवस्वरूप देव. नावाची फोड मात्र कृष्णाची, यशोदेने उदराला दाम, म्हणजे दावे, बांधलेल्या. ‘कामात खोडा घालणे’ यात ती माया नाही.

१९८० साली प्रेमशंकर शुक्ला खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हातकडी अपवादानेच आणि कारण नोंदवून घालावी, असे ठरवले. मनोरुग्णाला साखळीने बांधण्यास २०१७ च्या मानसिक आरोग्य सेवा कायद्याने सरसकट बंदी आहे.