फोर्टमधील हेरिटेज वॉक

दक्षिण मुंबईतील फोर्ट भागात जाणकाराच्या सोबतीने दीड-दोन तास पायी हिंडून एकोणिसाव्या आणि विसाव्या शतकातील इमारती पाहण्याचा उपक्रम. मराठीत ‘वारसा फेरी’ असा शब्द छापला जातो, पण बोलण्यात सगळे ‘हेरिटेज वॉक’च म्हणतात. अंतर जेमतेम दीड-दोन किलोमीटर असते. वेळ जातो तो थांबण्यात, माना वर करून बघण्यात आणि सांगणाऱ्याचे ऐकण्यात.

हे वॉक बहुधा रविवारी सकाळी निघतात. फोर्ट ही कचेऱ्यांची वस्ती असल्याने एरवी पदपथावर उभे राहून कमानीकडे बघणाऱ्याला दोन मिनिटांत धक्का बसतो. रविवारी मात्र रस्ताही ओलांडता येतो आणि इमारत पुरती दिसेल इतके मागेही सरता येते. या वेळेची एक अडचण सहसा कोणी सांगत नाही. उच्च न्यायालय, विद्यापीठ आणि जुने सचिवालय ही ओव्हल मैदानाच्या कडेची मुख्य रांग पश्चिमेकडे तोंड करून उभी आहे, त्यामुळे सकाळी तिच्या दर्शनी भिंतींवर सावली असते. राजाबाई टॉवरचा दगड उजळतो तो संध्याकाळी. छायाचित्रांसाठी येणाऱ्याने दुपारनंतरचा वॉक निवडावा.

फोर्टला जुनी मुंबई ‘कोट’ म्हणे आणि तटाजवळच्या उत्तरेकडील वस्तीला ‘बाहेरकोट’. अपोलो, चर्च आणि बझार हे या कोटाचे तीन दरवाजे. त्यांतला चर्च दरवाजा गेला आणि त्याचे नाव रेल्वे स्थानकाला राहिले. १८६० च्या दशकात गव्हर्नर सर बार्टल फ्रिअर यांच्या कारकिर्दीत तट पाडण्यात आला आणि मोकळ्या झालेल्या जागेवर सरकारी इमारतींची रांग उभी राहिली. त्याच सुमारास अमेरिकेत यादवी युद्ध (१८६१–६५) पेटले होते. लँकेशायरच्या गिरण्यांना अमेरिकन कापूस मिळेनासा झाला, हिंदुस्थानी कापसाचे भाव भडकले आणि मुंबईच्या व्यापाऱ्यांकडे अचानक अमाप पैसा आला. गोविंद नारायण माडगांवकरांचे ‘मुंबईचे वर्णन’ १८६३ सालचे, म्हणजे नेमके या उलथापालथीच्या तोंडावरचे. शहर हिंडून पाहावे आणि मराठीत नोंदवावे, ही हौस इतकी जुनी आहे.

नेहमीचा मार्ग टाउन हॉलच्या पायऱ्यांपासून सुरू होतो. कर्नल थॉमस काउपर यांच्या आराखड्यानुसार १८३३ साली पुरी झालेली ही इमारत फोर्टातल्या पुढच्या गॉथिक (टोकदार कमानींच्या) इमारतींशी अजिबात जुळत नाही. डोरिक पद्धतीचे खांब, तीस पायऱ्या आणि ग्रीक देवळाचा थाट. एशियाटिक सोसायटीचे ग्रंथालय इथेच आहे आणि दान्तेच्या ‘डिव्हाइन कॉमेडी’चे जुने हस्तलिखितही. आत नाना शंकरशेटांचा संगमरवरी पुतळा आहे.

समोर हॉर्निमन सर्कल. बाजारपेठेच्या मोकळ्या मैदानाभोवती सारख्या दर्शनी भागाच्या इमारती अर्धगोलात बांधायच्या आणि मध्ये बाग ठेवायची, अशी ही १८६० च्या दशकातली योजना. तिचे मूळ नाव एल्फिन्स्टन सर्कल. स्वातंत्र्यानंतर गव्हर्नरचे नाव जाऊन बेंजामिन हॉर्निमन यांचे आले. ‘बॉम्बे क्रॉनिकल’च्या या संपादकाला सरकारने १९१९ साली देशाबाहेर काढले होते. इंग्रजाचे नाव पुसून इंग्रजाचेच नाव दिल्याचे फोर्टातले हे दुर्मीळ उदाहरण, आणि ते ऐकताना लोक हसतातच.

बागेच्या पश्चिमेला १७१८ साली उपासनेसाठी खुले झालेले सेंट थॉमस कॅथीड्रल आहे. मुंबईचे जुने मैलाचे दगड याच चर्चपासूनचे अंतर सांगत. तिथून वीर नरिमन रस्त्याने चालत गेले की हुतात्मा चौक लागतो. १८६४ चे फ्लोरा फाउंटन पोर्टलँडच्या दगडातले आहे, त्यावर रोमन पुष्पदेवता उभी आहे आणि तिच्याशेजारी मशाल धरलेले शेतकरी-कामगार. २१ नोव्हेंबर १९५५ रोजी संयुक्त महाराष्ट्राच्या मोर्चावर इथे गोळीबार झाला. एक मे रोजी या स्मारकाला पुष्पचक्रे वाहिली जातात. कारंजे कोणी घडवले (आराखडा नॉर्मन शॉ, शिल्प जेम्स फोर्साइथ) हे बहुतेक वॉकमध्ये सविस्तर येते. शेजारच्या दोन आकृती मात्र ‘आणि हे हुतात्मा स्मारक’ एवढ्यावर आटोपतात. वॉक घेणारा मराठी असेल तर चित्र बदलते. मंडळींत एखादे आजोबा असले तर बोलणे त्यांच्याकडेच जाते.

मार्गाचा गाभा ओव्हलच्या कडेला, कर्मवीर भाऊराव पाटील मार्गावर आहे. मुंबई विद्यापीठाचे दीक्षान्त सभागृह आणि ग्रंथालय-मनोरा यांचे आराखडे सर जॉर्ज गिल्बर्ट स्कॉट यांनी लंडनमध्ये बसून केले. त्यांनी हिंदुस्थानात कधी पाऊल ठेवले नाही. तरीही इमारत मुंबईच्या हवेला धरून आहे: खोल सज्जे, उघडे गोल जिने, वारा खेळेल अशा ओवऱ्या. सभागृहाच्या मोठ्या वर्तुळाकार खिडकीत रंगीत काचांच्या बारा राशी आहेत. मनोऱ्याचे काम १८६९ ते १८७८ चालले आणि त्याची उंची सुमारे ८५ मीटर भरली. पैसा कापसाचे व्यापारी प्रेमचंद रायचंद यांचा: १८६४ मध्ये ग्रंथालयासाठी दोन लाख आणि मनोऱ्यासाठी दोन लाख रुपये. अट एकच, मनोऱ्याला आई राजाबाईचे नाव. पुढच्याच वर्षी कापसाचा फुगा फुटला आणि स्वतः प्रेमचंद बुडाले, पण मनोरा झाला. राजाबाई अंध होत्या, जैन असल्याने सूर्यास्तापूर्वी जेवत आणि घड्याळाच्या ठोक्यांवरून त्यांना वेळ कळे, ही गोष्ट प्रत्येक वॉकमध्ये येते. हे घड्याळ पूर्वी सोळा सुरावटी वाजवीत असे.

मनोऱ्यावर पश्चिम हिंदुस्थानातील जातींचे नमुने म्हणून कोरलेल्या २४ मानवाकृती आहेत. त्या इतक्या उंचावर आहेत की दुर्बिणीशिवाय पागोटी वेगळी ओळखता येत नाहीत. यांचे नमुने रावबहादूर मकुंद रामचंद्र या सहायक अभियंत्याने घडवल्याचे सांगितले जाते. स्कॉट यांचे नाव वॉकला आलेल्या प्रत्येकाच्या तोंडी असते, या माणसाचे क्वचित कोणाच्या. बोरीबंदरच्या स्थानकाबाबतही (आजचे छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनस) तेच. वास्तुरचनाकार फ्रेडरिक विल्यम स्टीव्हन्स यांच्या हाताखाली सीताराम खंडेराव वैद्य आणि माधवराव जनार्दन यांनी देखरेख केली, आणि कोरीव काम सर ज. जी. कलाशाळेच्या विद्यार्थ्यांनी केले. दगड कुर्ला, मालाड आणि पोरबंदरचा. पैसा जैन, पारशी आणि बगदादी ज्यू शेटजींचा. हात इथल्या पाथरवटांचे. ‘इंग्रजांनी बांधलेली मुंबई’ हे वाक्य म्हणून अर्धेच राहते. या इमारतींना ‘वसाहतकालीन’ म्हणणे काळापुरते बरोबर आहे, कर्तृत्वापुरते नाही.

शेजारचे उच्च न्यायालय (१८७१–७८) कर्नल जेम्स फुलर यांचे. काळ्या दगडाचा हा प्रचंड डोलारा विद्यापीठाच्या नाजूकपणापुढे जड वाटतो. तिथे एका खांबावर डोळ्याला पट्टी बांधून हातात तराजू धरलेले माकड कोरलेले आहे. खटला हरलेल्या कंत्राटदाराने न्यायाधीशावर काढलेला हा राग, असे सांगतात. ही गोष्ट तोंडोतोंडी चालत आलेली आहे आणि तिच्यावर नोंद म्हणून विसंबू नये. वॉटसन हॉटेलात जमशेटजी टाटांना प्रवेश नाकारला आणि म्हणून त्यांनी ताज बांधले, ही कथाही त्याच घरातली. इतिहासकारांना ती पटत नाही. अशा दंतकथांवाचून वॉक रंगत नाही हेही खरे. चांगला वॉक घेणारा गोष्ट सांगतो आणि ‘असे म्हणतात’ हे शब्द गिळत नाही.

वॉटसनची इमारत (१८६७–६९) काळा घोड्याजवळ आहे. तिचा बिडाचा सांगाडा इंग्लंडमध्ये ओतून बोटीने आणला आणि इथे जोडला. ७ जुलै १८९६ रोजी ल्युमिएर बंधूंची चलच्चित्रे हिंदुस्थानात पहिल्यांदा इथे दाखवली गेली. आज ही इमारत मोडकळीस आली असून ती रस्त्यापलीकडूनच बघावी लागते. समोर मालाडच्या पिवळ्या दगडातले डेव्हिड ससून ग्रंथालय (१८७०) आहे. ज्या घोड्यावरून भागाला नाव पडले तो सातव्या एडवर्डचा अश्वारूढ पुतळा १९६५ साली हलवून भायखळ्याच्या जिजामाता उद्यानात नेला. २०१७ पासून इथे पुन्हा काळा घोडा आहे, पण त्याच्यावर स्वार नाही.

ओव्हलच्या पलीकडची रांग १९३० नंतरची, आर्ट डेको शैलीची. मधल्या मैदानाने दोन्ही शतके समोरासमोर ठेवली आहेत. या ९४ इमारतींच्या समूहाला ३० जून २०१८ रोजी युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत स्थान मिळाले. छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनस त्याआधी, २००४ मध्येच त्या यादीत गेले होते. आर्ट डेको बाजूच्या एम्प्रेस कोर्टचे वास्तुरचनाकार गजानन म्हात्रे. त्यांच्यामुळे रचनाकार म्हणून मराठी नाव उच्चारण्याची संधी वॉकमध्ये एकदा तरी येते. बोरीबंदर, महापालिका मुख्यालय (१८९३) आणि दादाभाई नौरोजी रस्ता यांचा सहसा वेगळा वॉक असतो. पावसाळ्यात तोच बरा, कारण त्या रस्त्याच्या दुतर्फा सलग कमानींखालून चालता येते.

भारतात या प्रकाराला वळण दिले ते अहमदाबादने. तिथल्या महापालिकेने नोव्हेंबर १९९७ मध्ये काळुपूरच्या स्वामीनारायण मंदिरापासून जामा मशिदीपर्यंतचा रोजचा वॉक सुरू केला. पण तो पोळांचा, म्हणजे जुन्या वस्तीतल्या गल्ल्यांचा, आणि लाकडी हवेल्यांचा. मुंबईत १९९५ मध्ये वारसा नियमावली आली, इमारतींना श्रेणी मिळाल्या आणि १९९९ च्या सुमारास वास्तुरचनाकारांनी फोर्टात वॉक सुरू केले. पुढे खाकी टूर्ससारख्या संस्थांनी त्याला गप्पांचा बाज दिला. महापालिका मुख्यालयही २०२१ पासून सुटीच्या दिवशी वॉकसाठी उघडू लागले. पणजीच्या फोंतान्यशमध्ये असाच वॉक पोर्तुगीजकालीन घरांतून जातो. मात्र तिथे लोक राहतात, त्यामुळे खिडकीत डोकावणे आणि दारात फोटो काढणे हा नेहमीचा तंटा असतो. फोर्टात तो नाही. रविवारी तिथे भांडायला कोणी नसते.

आत शिरणे मात्र अवघड. उच्च न्यायालय, विद्यापीठ आणि मध्य रेल्वेचे मुख्यालय ही कामाची ठिकाणे आहेत, पूर्वपरवानगीशिवाय बाहेरूनच समाधान मानावे लागते. टाउन हॉलच्या पायऱ्या आणि कॅथीड्रल यांना तशी अडकाठी नसते. पायांत जुने बूट आणि हातात पाण्याची बाटली असावी. वॉक संपल्यावर इराण्याकडे चहा-बनमस्का घेण्याची चाल आहे आणि खरे प्रश्न तिथेच विचारले जातात.