धडा येतो दहावीत, शरीर थांबतं का तोपर्यंत?

नाशिकमधल्या आमच्या पंचवटीतल्या शाळेत नव्वदच्या आसपास एक दिवस मुलींना हॉलमध्ये बसवलं, दारं लावली आणि मुलांना सोडून दिलं, ती सुट्टी मिळाली म्हणून थेट गंगेवर, म्हणजे गोदावरीवर पळाली. आम्हाला बाईंनी पाळीबद्दल सांगितलं, पॅड कसं वापरायचं तेही सांगितलं, पण तोपर्यंत अर्ध्याअधिक वर्गाला पाळी येऊन गेली होती. आईच्या वेळी तर तेवढंही नव्हतं, "कावळा शिवला" एवढंच.

खरं तर वयात येण्याचं हे सगळं सुरू होतं मेंदूत. मेंदूच्या हायपोथॅलॅमस या भागातल्या, किसपेप्टिन नावाचं संप्रेरक (हार्मोन) बनवणाऱ्या पेशी जाग्या झाल्या की तिथून संदेश जातो मेंदूखालच्या पिट्युटरी ग्रंथीला, तिथून अंडाशयाला किंवा वृषणांना, आणि सुरुवातीला हे संदेश मुख्यतः रात्री झोपेत जातात, म्हणजे घरात कोणाला पत्ताही नसतो. मुलींमध्ये साधारण 8 ते 13 आणि मुलांमध्ये 9 ते 14 व्या वर्षी बदल दिसायला लागतात. पाळी ही सुरुवात नाहीच, छातीची वाढ सुरू झाल्यावर साधारण दोन-अडीच वर्षांनी ती येते. आणि आपल्या स्टेट बोर्डाच्या विज्ञानाच्या पुस्तकात मासिक पाळीचं चक्र नीट येतं कधी, तर दहावीत!

बरं प्रयत्न झाले नाहीत असं नाही. र. धों. कर्वे 1927 पासून 'समाजस्वास्थ्य' मासिकातून लैंगिक शिक्षणाबद्दल लिहीत होते. मग एड्सच्या काळजीमुळे 2005 मध्ये देशभर शाळांसाठी किशोरवयीन शिक्षणाचा कार्यक्रम आला, पण 2007 मध्ये महाराष्ट्रासकट बऱ्याच राज्यांनी तो थांबवला, पुस्तिकेतल्या चित्रांवरून एवढा गदारोळ झाला की मुलांचे प्रश्न बाजूलाच राहिले. 2014 मध्ये राष्ट्रीय किशोर स्वास्थ्य कार्यक्रम सुरू झाला, त्यात 10 ते 19 वयोगट धरलाय आणि मुलगेही आहेत, मला हे फार महत्त्वाचं वाटतं.

कारण मुलग्यांना आपण काहीच सांगितलं नाही. झोपेत वीर्य बाहेर येणं ही अगदी नॉर्मल गोष्ट, तिला मराठीत नावच 'स्वप्नदोष', म्हणजे दोष आधीच ठरवून टाकला. माझ्या भाच्याचा आवाज फुटला तेव्हा त्याने घाबरून मला विचारलं, मावशी माझा घसा खराब झालाय का, मग मी त्याला सांगितलं की टेस्टोस्टेरॉन या संप्रेरकामुळे स्वरयंत्र मोठं होतं आणि स्वरतंतू लांब आणि जाड होतात, काही महिन्यांत आवाज स्थिर होईल. तो सहावीत होता.